प्लुटोम्युरस ऑर्टोबलॅगॅनेन्सिस

कोलेंबोला (स्प्रिंगटेल) या संधिपाद (सांधेयुक्त पायांच्या) प्राण्यांच्या वर्गातील, टोमोसेरिडी कुलातील एक गुहावासी जाती. जमिनीखाली सर्वाधिक खोलीवर सापडलेला भूचर संधिपाद म्हणून २०१२ पासून तिचा उल्लेख होतो. पावसाळ्यात कुंडीतल्या ओल्या मातीत टुणकन उडणारे बारीक ठिपके दिसतात, ते याच वर्गातील. त्यांना सहा पाय असले, तरी हल्ली बहुतेक अभ्यासक त्यांना कीटकांत धरत नाहीत.

ही जाती पश्चिम कॉकेशसमधील अबखाझियात, अराबिका चुनखडी डोंगररांगेतील क्रुबेरा-वोरोन्या गुहेत मिळाली. गुहेच्या जोडनावामागे जुना वाद आहे. लेवान मारुआश्विली यांच्या जॉर्जियन पथकाने १९६० मध्ये रशियन शास्त्रज्ञ अलेक्झांडर क्रुबेर यांचे नाव तिला दिले. पुढे १९८० च्या दशकात कीव्हच्या गुहाशोधकांनी तोंडाशी घरटी करणाऱ्या कावळ्यांवरून तिला ‘वोरोन्या’ म्हटले. अग्रक्रम पाहता पहिले नावच ग्राह्य वाटते; जोडनाव मात्र आता रूढ झाले आहे. जातीचे नाव या दोन्हींवरून नाही, तर गुहा ज्या खोऱ्यात उघडते त्या ऑर्टोबलॅगॅन खोऱ्यावरून आले आहे. प्लुटोम्युरस ही प्रजाती (जवळच्या जातींचा गट) जपानी अभ्यासक योसी यांनी १९५६ मध्ये स्थापन केली होती.

नमुने २०१० च्या उन्हाळ्यात इबेरियन-रशियन मोहिमेत आल्बेर्टो सेंद्रा आणि आना सोफिया रेबोलेरा यांनी गोळा केले. वर्णन स्पेनमधील नावार्रा विद्यापीठाचे जोर्दाना व बाकेरो यांनी २०१२ मध्ये प्रसिद्ध केले.

सर्वांत खोल नमुना १,९८० मी. खोलीवरचा आहे. हा आकडा जपून वाचावा लागतो. गुहेची खोली तिच्या तोंडापासून मोजतात आणि हे तोंड समुद्रसपाटीपासून सुमारे २,२५० मी. उंचीवर आहे. म्हणजे प्राणी सापडला ती जागा समुद्रसपाटीच्या अडीचशे मी.हून थोडी वरच पडते. ‘सर्वांत खोल प्राणी’ हे विशेषणही सैल आहे. दक्षिण आफ्रिकेतील सोन्याच्या खाणींत, खडकांच्या भेगांतील पाण्यात, सूत्रकृमी १.३ किमी. खोलीवर मिळाले असून ३.६ किमी.वरून त्यांचे डीएनए मिळाल्याचे २०११ मध्ये जाहीर झाले. ते पाण्यात राहणारे, शिवाय संधिपाद नव्हेत. म्हणून ‘सर्वांत खोल भूचर संधिपाद’ एवढाच दावा नेमका ठरतो. याआधी स्प्रिंगटेलांची सर्वांत खोल नोंद स्पेनमधील ऑन्गुलोनिकियुरस कोल्पस या जातीची, सुमारे ५५० मी.ची होती.

प्राणी काही मिमी. लांबीचा, बिनपंखी आणि डोळे नसलेला आहे. कायमच्या अंधारात त्याची भिस्त स्पर्श व गंध यांवर असते. गुहेतील तापमान गोठणबिंदूच्या जरा वर असते. पाण्यासोबत वरून वाहत आलेला कुजका पालापाचोळा व त्यावरील कवके हे त्याचे अन्न.

त्याच मोहिमेतून ॲन्युरिडा स्टिरिओओडोराटा, ड्यूटेराफोरुरा क्रुबेराएन्सिस आणि शेफेरिया प्रोफुंडिसिमा या आणखी तीन नव्या जाती वर्णिल्या गेल्या. पहिलीच्या नावातच तिचे ठळक गंधग्राही इंद्रिय सुचवलेले आहे.