पार्श्वभूमी : पडद्यावरचं शब्दकोडं

1925 ते 1927 या काळात बर्लिनमध्ये ‘रेबुस-फिल्म’ नावाचे आठ छोटे मूकपट निघाले. शब्दकोड्याचे आडवे-उभे चौकोन पडद्यावर यायचे आणि शब्द चित्रांवरून ओळखावा लागायचा.

‘आता याचं काय होणार?’ असा अंदाज बांधायला लावणं अॅनिमेशनला पहिल्यापासूनच जमत होतं. 1908 च्या एका फ्रेंच रेखाटनपटात बाटलीचं बघता बघता फूल होतं. पण तिथे प्रेक्षकाकडून उत्तराची अपेक्षा नव्हती. ती सवय वर्तमानपत्राने लावली. 21 डिसेंबर 1913 ला न्यूयॉर्कच्या एका दैनिकात आधुनिक शब्दकोडं छापून आलं. 1924 मध्ये कोड्यांचं पहिलं पुस्तक निघालं आणि ते वेड लगेच युरोपात पोचलं.

‘रेबुस’ करणाऱ्या दोघांपैकी एक नेपथ्यातून दिग्दर्शनाकडे आलेला. दुसरा छायाचित्रकार, कॅमेऱ्याच्या करामतींतला उस्ताद. 1913 मध्येच त्याने एका नटाला पडद्यावर स्वतःच्याच समोर उभं केलं होतं. हलती अक्षरं, कापलेली चित्रं, खरी दृश्यं, एकावर एक घेतलेलं चित्रण हे सगळं त्यांनी एका चौकटीत आणलं. एवढी सरमिसळ असल्याने या फिल्म अॅनिमेशनमध्ये मोजायच्या की नाही, हा प्रश्न उरतोच. माझ्या मते मोजायला हव्यात, कारण कोडं घालण्याचं काम इथे चित्रांची हालचालच करते.

जास्त वादाचा निर्णय वेगळाच होता. प्रत्येक फिल्मचे दोन तुकडे केलेले असायचे : प्रश्न मुख्य चित्रपटाआधी, उत्तरं तो संपल्यावर. प्रेक्षकाला शेवटपर्यंत खुर्चीत बसवण्याची ही धंद्याची युक्ती, असं म्हणता येईल. पण तेवढंच म्हणणं अन्यायाचं आहे. मधल्या तासा-दीड तासात माणूस एक गोष्ट पडद्यावर बघत असे आणि अडलेला शब्द मनात घोळवत असे. वर्तमानपत्रातलं कोडं उत्तरासाठी दुसऱ्या अंकाची वाट बघायला लावतं; ती वाट इथे चित्रपटाच्या खेळातच बसवली होती. दोन्ही तुकडे सलग लावले, की उरते फक्त चित्रांची कसरत. या फिल्म दाखवताना मध्ये अंतर ठेवायलाच हवं.

अमेरिकेतही 1925 मध्ये शब्दकोड्यांच्या छोट्या फिल्म निघाल्या होत्या. ‘रेबुस’चा दिग्दर्शक 1927 मध्ये तिकडेच गेला आणि 1929 मध्ये वारला. त्याच सुमारास बोलपट आले. पुढे त्याच्या 1924 च्या मेणपुतळ्यांवरच्या चित्रपटाची डीव्हीडी निघाली, तेव्हा पहिला ‘रेबुस’ तिच्यावर जोडफिल्म म्हणून आला.