केडगावच्या मुक्ती सदनाची पार्श्वभूमी

पुण्याहून सोलापूरकडे जाणाऱ्या लोहमार्गावर दौंडच्या अलीकडे केडगाव हे स्थानक लागते. पंडिता रमाबाईंनी तेथे वसवलेल्या मुक्ती सदनाचा विषय पुण्यात निघाला, की बोलणे बहुधा त्यांच्या पुण्यातील शारदा सदन या आधीच्या शाळेवरून १८९३ साली उठलेल्या धर्मांतराच्या वादापाशी येऊन थांबते. तो वाद मोठा होता आणि त्याचे व्रण दीर्घकाळ राहिले, हे मान्यच आहे. परंतु अनाथ मुलींच्या या शाळेचे मूळ शोधायचे तर त्या वादापेक्षा दुष्काळाच्या इतिहासात जास्त खोल जावे लागते, आणि तो शोध संस्थापिकेच्या स्वतःच्या लहानपणापासून सुरू होतो.

रमाबाईंचा जन्म २३ एप्रिल १८५८ रोजी सह्याद्रीतील गंगामूळ येथे झाला. त्यांचे वडील अनंतशास्त्री डोंगरे यांनी पुण्यात रामचंद्रशास्त्री साठे यांच्याकडे अध्ययन केले होते. दुसऱ्या बाजीरावाच्या पत्नीला आपले गुरुजी संस्कृत शिकवतात हे पाहून त्यांनी पुढे आपल्या पत्नीला, लक्ष्मीबाईंना, संस्कृत शिकवले आणि त्यापायी भोवतालच्या समाजाचा रोष ओढवून घेतला. हे कुटुंब नंतर तीर्थक्षेत्री पुराणे सांगत फिरत राहिले. १८७० नंतरच्या दशकात दक्षिणेत दुष्काळ पडला, तेव्हा पुराण ऐकून दक्षिणा देणारेच उरले नाहीत. दागिने गेले, भांडी गेली, आणि अखेर तिरुपतीच्या परिसरातील रानात झाडपाल्यावर दिवस काढण्याची वेळ आली. वडील गेले, त्यांच्यामागून आई गेली. आईची तिरडी उचलायला पुरेशी माणसे मिळेनात, म्हणून रमाबाईंनाच पुढे व्हावे लागले, असे त्यांनी आपल्या आठवणींत लिहून ठेवले आहे. मोठी बहीणही वाचली नाही. उरलेली दोघे भावंडे पायी भटकत १८७८ साली कलकत्त्यास पोचली. तेथील विद्वानांनी रमाबाईंना ‘पंडिता’ आणि ‘सरस्वती’ या पदव्या दिल्या, हा भाग सर्वपरिचित आहे. पदवी घेणारी मुलगी काही वर्षांपूर्वी अन्नान्न करीत हिंडणारी निराश्रित होती, याचा उल्लेख मात्र सहसा ओझरताच होतो.

पुढे भावाचा मृत्यू, बिपिनबिहारी मेधावी यांच्याशी आंतरजातीय नोंदणी विवाह, मुलगी मनोरमा आणि १८८२ च्या आरंभी पतीचे निधन, हे सारे दोन वर्षांच्या आत घडले. त्याच वर्षी त्या पुण्यास आल्या, त्यांनी आर्य महिला समाज स्थापन केला आणि शिक्षणविषयक हंटर आयोगापुढे साक्ष देताना स्त्री-शिक्षिका व स्त्री-डॉक्टर यांची मागणी केली. १८८३ साली त्या इंग्लंडला गेल्या व तेथे वाँटेज येथे त्यांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला. महाराष्ट्रात यावर टीकेचे मोहोळ उठले असताना जोतीराव फुल्यांनी १८८५ च्या ‘सत्सार’ या पुस्तिकेमध्ये त्यांची बाजू घेतली.

धर्म स्वीकारला तरी रमाबाईंनी धर्मसंस्थेपुढे मान तुकवली नाही. चेल्टनहॅम येथील महिला महाविद्यालयात असताना त्यांनी पुरुष विद्यार्थ्यांना शिकवण्याचा प्रश्न निघाला, तेव्हा हिंदुस्थानातील बिशपांनी त्यास हरकत घेतली. त्या निमित्ताने वाँटेजच्या ख्रिस्ती जोगिणींशी (नन) झालेल्या त्यांच्या पत्रव्यवहारात, आपली सदसद्विवेकबुद्धी आपण कोणाच्या हवाली केलेली नाही, हा सूर पुन्हा पुन्हा येतो. अँग्लिकन, म्हणजे इंग्लंडच्या अधिकृत चर्चमध्ये स्त्रीला दीक्षित धर्मोपदेशक होणे त्या काळी शक्यच नव्हते. तरीही पुढे केडगावी प्रार्थना चालवणे, प्रवचन करणे, शास्त्राचे भाषांतर करणे, म्हणजे धर्मोपदेशकाची बहुतेक सगळी कामे, त्यांनी कोणत्याही एका पंथाची मोहोर न घेता केली. माझ्या मते त्यांच्या चरित्रातील हा भाग धर्मांतराइतकाच बंडखोर आहे, आणि त्याची चर्चा फार कमी होते.

अमेरिकेतील दौऱ्यात १८८७ साली बोस्टन येथे त्यांच्या मदतीसाठी मंडळ स्थापन झाले आणि त्याने दहा वर्षे खर्च चालवण्याची हमी घेतली. त्या बळावर ११ मार्च १८८९ रोजी मुंबईत शारदा सदन उघडले व पुढच्याच वर्षी ते पुण्यास आले. ही शाळा मुख्यतः उच्चवर्णीय विधवांसाठी होती. तिची पहिली विधवा विद्यार्थिनी गोदूबाई हिचा १८९३ साली धोंडो केशव कर्वे यांच्याशी पुनर्विवाह झाला. त्याच वर्षी, रमाबाईंच्या खासगी प्रार्थनेला मुली बसतात यावरून मुलींच्या धर्मांतराचा आरोप होऊन गदारोळ उठला. ‘केसरी’ने आधीपासून टीका चालवलीच होती, आता रानडे व भांडारकर यांनीही सल्लागार मंडळाचा राजीनामा दिला आणि अनेक पालकांनी मुली काढून नेल्या. कर्व्यांनी १८९६ साली काढलेल्या अनाथ बालिकाश्रमामागे, असा आरोप येऊ न देणारी संस्था हवी, हा विचार उघड दिसतो.

केडगावची जमीन या सुमारास घेतली गेली ती शाळेसाठी नव्हे. बोस्टनच्या मंडळाची दहा वर्षांची मुदत संपल्यावर संस्थेला स्वतःचे उत्पन्न असावे, म्हणून फळबाग लावण्याचा तो बेत होता. तेवढ्यात १८९६-९७ चा दुष्काळ आला. मध्य प्रांतातील हालांच्या बातम्या वाचून रमाबाई स्वतः तेथे गेल्या व सुमारे तीनशे मुली घेऊन परतल्या. पुण्यात त्याच वेळी प्लेगचे कडक नियम लागू होते. एवढ्या मुलींना शहरात ठेवून घेण्यास सरकारने मनाई केली, आणि त्यांना बागेसाठी घेतलेल्या माळावर तंबूंमध्ये आणि झोपड्यांमध्ये हलवावे लागले. मुक्ती सदनाचा आरंभ हा असा, बराचसा नाइलाजाने झाला.

विधवांच्या शाळेत आणि या नव्या वस्तीत मोठा फरक होता. दुष्काळातून आलेल्या मुली बहुतांशी शेतकरी, कारागीर व अस्पृश्य मानल्या गेलेल्या जातींतील होत्या आणि त्यांच्या वतीने तक्रार करायला मागे कोणी नातेवाईकही नव्हते. येथील शिक्षण उघडपणे ख्रिस्ती होते. निराधार मुलांना अन्नाबरोबर धर्मही मिळाला, हा आक्षेप म्हणूनच टाळता येत नाही. त्याचबरोबर हेही नोंदवले पाहिजे, की या मुलींना घेऊन जाण्यासाठी त्या वेळी फारसे कोणी रांगेत उभे नव्हते.

१८९९-१९०० चा, गुजरातेत ‘छप्पनिया’ म्हणून ओळखला जाणारा दुष्काळ आल्यावर संख्या दोन हजारांच्या जवळ गेली. विहिरी खोदाव्या लागल्या. अक्षरओळखीबरोबर विणकाम, शेती, तेलघाणी, शिवण व छपाई शिकवली जाऊ लागली. लहानग्यांसाठी, अमेरिकेत अभ्यासलेल्या जर्मन शिक्षणतज्ज्ञ फ्रोबेल यांच्या बालोद्यान पद्धतीचा रमाबाईंना उपयोग झाला. फसवल्या गेलेल्या स्त्रियांसाठी कृपा सदन निघाले आणि अंध मुलींच्या शिक्षणाची वेगळी सोय झाली. मनोरमाबाई शाळेचा मोठा भार उचलत होत्या. १९२१ साली त्यांचे निधन झाले आणि ५ एप्रिल १९२२ रोजी रमाबाईही गेल्या. मूळ हिब्रू व ग्रीक भाषा शिकून त्यांनी केलेला बायबलचा सोप्या मराठीतील अनुवाद तोवर पुरा झाला होता. त्याचे खिळे केडगावच्याच छापखान्यात तेथील मुलींनी जुळवले होते, आणि संपूर्ण ग्रंथ १९२४ साली बाहेर पडला.