टाका पिकतो तो घरी: सिझरच्या जखमेमागचा दीडशे वर्षांचा प्रवास

सिझर झालेल्या बाईला तिसऱ्या-चौथ्या दिवशी डिस्चार्ज मिळतो, आणि टाका पिकायचाच असेल तर तो साधारण चौथ्या दिवसापासून पुढे, कधी आठव्या-दहाव्या दिवशी पिकायला लागतो. म्हणजे बघा, डॉक्टर राउंडला येतात, सिस्टर ड्रेसिंग बघतात, तोवर जखम एकदम छान असते, आणि बाई माहेरी कोथरूडला नाहीतर हडपसरला, नाहीतर गाडी करून पार बार्शीला पोचली की मग तिकडे टाक्यापाशी दुखायला लागतं. ऑपरेशननंतर ३० दिवसांत जखमेत झालेलं इन्फेक्शन त्या ऑपरेशनच्याच खात्यात मांडायचं असा अमेरिकेच्या सीडीसीचा (तिथली सरकारी रोगनियंत्रण संस्था) नियम आहे, आपल्याकडची हॉस्पिटलंही तोच धरतात, तो काय उगाच नाही. मी बरीच वर्षं पेठेतल्या एका नर्सिंग होमला सिस्टर होते आणि मला कायम वाटत आलंय की इन्फेक्शन होऊ न देणं हे हॉस्पिटलवाले हळूहळू का होईना शिकले, पण झालेलं ओळखायचं काम मधल्या मधे गुपचूप घरच्यांच्या अंगावर आलं आणि ते त्यांना कोणी शिकवलंच नाही. हे असं कसं झालं त्यासाठी जरा मागे जावं लागेल.

दीडशे वर्षांपूर्वी जिवंत बाईचं पोट उघडून बाळ काढायचं म्हणजे आई गेल्यातच जमा. कारणं दोन, रक्तस्राव आणि बाळंतरोग म्हणजे इन्फेक्शन. गंमत म्हणजे (गंमत कसली, भयंकरच) बऱ्याच ठिकाणी गर्भाशयाला टाकेच घालत नव्हते, आतले टाके नंतर काढणार कसे, आणि गर्भाशय आपोआप आवळून बसतंच की, असा समज होता. मग आतून रक्त आणि घाण पोटात पसरायची. इटलीत पोरो नावाच्या डॉक्टरने १८७६ साली यावर तोडगा काढला, की बाळ काढल्यावर गर्भाशयच कापून टाकायचं. आई वाचायची, पण परत मूल नाही. १८८२ मधे जर्मनीत सेंगरने चांदीची तार आणि रेशीम वापरून गर्भाशय शिवून दाखवलं, आणि तिथून खऱ्या अर्थाने आजचं सिझर सुरू झालं. त्याच्या पुढच्याच वर्षी आपल्या आनंदीबाई जोशी फिलाडेल्फियाला शिकायला गेल्या, १८८६ ला एम.डी. झाल्या, प्रबंधाचा विषयही बाळंतपणशास्त्रच. स्वतःचं पहिलं मूल दहा दिवसांत गेलेलं, त्यामुळे त्यांनी हा विषय का धरला असेल ते वेगळं सांगायला नको.

इन्फेक्शनची गोष्ट मात्र सिझरच्याही आधी सुरू होते, १८४७ ला, व्हिएन्नात. तिथल्या सेमेलवाइस नावाच्या डॉक्टरच्या लक्षात आलं की ज्या वॉर्डात मेडिकलची मुलं शवविच्छेदन करून थेट बाळंतिणी तपासायला येतात तिथे बायका पटापट मरतात, दाईंच्या वॉर्डात तेवढ्या नाही. त्याने क्लोरिनच्या पाण्यात हात धुवायला लावले आणि एप्रिलमधे १८ टक्क्यांवर असलेले मृत्यू जुलैपर्यंत सव्वा टक्क्यावर आले. एवढं डोळ्यांसमोर होऊनही मोठ्या डॉक्टरांना पटेना, आमच्या हातांमुळे बायका मरतात म्हणजे काय! बिचारा १८६५ ला वेड्यांच्या इस्पितळात गेला, तोही जखम चिघळूनच.

मग १८६७. हे साल पुणेकरांनी लक्षात ठेवण्यासारखं आहे. त्या वर्षी लिस्टर नावाच्या ब्रिटिश सर्जनने कार्बोलिक ॲसिडने जखमा धुवून त्या न पिकता भरतात हे लॅन्सेट या वैद्यकीय मासिकात छापलं आणि त्याच वर्षी डेव्हिड ससून यांच्या देणगीतून उभं राहिलेलं ससून हॉस्पिटल पुण्यात सुरू झालं. म्हणजे आपलं ससून आणि जंतुनाशक वापरून ऑपरेशन करायची कल्पना, दोघं एकाच वयाचे. त्याआधी युरोपातल्या शतकानुशतकांच्या वैद्यकात घट्ट, पांढरा पू आला की जखम बरी होतेय असं मानत, चांगला पू असं म्हणायचेसुद्धा. हे वाचून हसायचं कारण नाही, ‘अगं थोडा पू गेलेला बरा, आतली घाण निघून जाते’ हे वाक्य मी पुण्यात चांगल्या शिकलेल्या घरातून ऐकलंय.

आणि सगळं शहाणपण युरोपातच होतं असंही नाही. १८७९ मधे फेल्किन नावाचा एक इंग्रज आजच्या युगांडातल्या बुन्योरो भागात होता, तिथे त्याने स्थानिक वैद्याला सिझर करताना पाहिलं. बाईला आधी केळीची दारू पाजली, मग त्याच दारूने वैद्याने स्वतःचे हात आणि तिचं पोट धुतलं, बाळ काढलं, रक्त येत होतं तिथे तापवलेलं लोखंड टेकवलं, पोट लोखंडी पिनांनी आणि सालीच्या दोरीने बंद केलं, वर मुळांचा लेप आणि केळीचं पान. पिना सहाव्या दिवसापर्यंत काढल्या आणि अकराव्या दिवशी जखम भरलेली. यातला दारूने हात आणि कातडी धुण्याचा भाग बघा, आज आम्ही ओटीत म्हणजे ऑपरेशन थिएटरमधे स्पिरिटवालं क्लोरहेक्सिडिन हे जंतुनाशक लावतो ते वेगळं काय आहे?

ग्लोव्ह्जची कथा मला नर्स म्हणून फार आवडते. अमेरिकेत जॉन्स हॉपकिन्सला हॉल्स्टेड सर्जन होते, त्यांच्या ओटीतल्या सिस्टर कॅरोलिन हॅम्प्टन यांच्या हाताला जंतुनाशकाने पुरळ यायचं, म्हणून १८८९-९० च्या सुमारास त्यांनी गुडइयर कंपनीकडून पातळ रबरी हातमोजे करून घेतले. पेशंटसाठी नाही हां, सिस्टरच्या हातांसाठी. (नंतर दोघांचं लग्न झालं.) त्या मोज्यांनी पेशंटची इन्फेक्शनंही कमी होतात हे बऱ्याच उशिरा ध्यानात आलं.

तरी विसाव्या शतकाच्या सुरुवातीला कळा सुरू होऊन तास न् तास झालेल्या, पाणमोट फुटलेल्या बाईचं सिझर करायला डॉक्टर घाबरायचेच, कारण गर्भाशयात आधीच जंतू शिरलेले असायचे. म्हणून जागा बदलली. १९०० मधे फॅननस्टीलने ओटीपोटाच्या खालच्या घडीत आडवा छेद सांगितला, तोच तो आपला बिकिनी कट, आणि १९२० च्या दशकात ग्लासगोच्या मनरो कर यांनी गर्भाशयावरचा छेदही वरून उभा न घेता खालच्या पातळ भागात आडवा घ्यायचा आग्रह धरला. तिथे रक्त कमी जातं, आणि वरून पोटाच्या आतल्या पडद्याने तो टाका झाकता येतो, म्हणजे आतली घाण पोटात पसरत नाही. पण कातडीवरच्या आडव्या छेदाची एक बाजू कोणी बोलत नाही: तो पोटाच्या वळीखाली येतो, तिथे घाम, ओल, आणि बाईला स्वतःला वाकून तो दिसतच नाही.

औषधं आली १९३५ नंतर. जर्मनीतल्या डोमाकचं प्रॉन्टोसिल, जंतूंवरचं पहिलं सल्फा औषध, त्याने स्वतःच्या लेकीच्या हातात सुई जाऊन इन्फेक्शन झालं तेव्हा तिलाही दिलं होतं. लंडनच्या क्वीन शार्लट्स हॉस्पिटलमधे कोलब्रुकने ते बाळंतरोगाच्या बायकांना दिलं आणि मृत्यू धाडकन खाली आले. मागोमाग पेनिसिलिन. आणि इथे परत पुणं येतं, कारण सरकारने स्वतःचा पेनिसिलिनचा कारखाना काढला तो पिंपरीला, हिंदुस्थान अँटिबायोटिक्स, १९५४ मधे, डब्ल्यूएचओ आणि युनिसेफच्या मदतीने. आजही पिंपरीत रिक्षावाल्याला एच.ए. म्हटलं की कळतं, पण ते देशातल्या पहिल्या सरकारी औषध कारखान्याचं नाव आहे हे किती जणांना माहीत असेल कोण जाणे.

पण अँटिबायोटिक हातात आल्यावर सगळेच जरा ढिले पडले असं माझं स्पष्ट मत आहे. ‘सेफ साइड’ म्हणून सिझरनंतर पाच-सात दिवस गोळ्या, ही सवय आपल्याकडे अजून गेलेली नाही. खरं तर महत्त्व दिवसांना नाही, वेळेला आहे. १९६१ मधे बर्क नावाच्या सर्जनने गिनीपिगवर दाखवलं की जंतू शिरायच्या आधी औषध रक्तात असेल तर उपयोग, तीन-चार तास उशीर झाला की दिलं काय आणि न दिलं काय सारखंच. तरी सिझरमधे कित्येक वर्षं नाळ कापल्यावरच इंजेक्शन द्यायचे, बाळाला औषध जाऊ नये म्हणून. २०१० मधे अमेरिकेतल्या स्त्रीरोगतज्ज्ञांच्या संघटनेने चीर द्यायच्या आधीच्या तासाभरात द्या असं सांगितलं आणि मग बाकीचेही वळले. २०१६ च्या डब्ल्यूएचओच्या मार्गदर्शनात तर ऑपरेशन संपल्यावर नुसत्या खबरदारीसाठी अँटिबायोटिक चालू ठेवू नका असं साफ लिहिलंय. आता इन्फेक्शन झालंय म्हणून डॉक्टरांनी गोळ्या लिहिल्या असतील तर ती गोष्ट वेगळी, तो कोर्स पूर्ण करायचा, मनाने बंद करायचा नाही.

रेझरचंही तसंच. आदल्या रात्री केस काढून पेशंट तयार ठेवणं हे आम्हा सिस्टर लोकांचं ठरलेलं काम होतं, स्वच्छता म्हणून. कॅनडात क्रूज आणि फूर्ड यांनी हजारो जखमा वर्षानुवर्षं मोजल्या तेव्हा उलटंच निघालं, स्वच्छ ऑपरेशनांत रेझर फिरवलेल्यांत इन्फेक्शन दोन टक्क्यांच्या वर आणि केस तसेच ठेवलेल्यांत एका टक्क्याच्या आत. बारीक बारीक कापलेल्या जागी रात्रभर जंतू वाढतात ना. त्यामुळे आता गरज असेल तरच, आणि तेही क्लिपरने, म्हणजे केस कापायच्या मशीनने. घरून जाताना ब्लेड फिरवून जाऊ नका हे गरोदर मुलींना मी आवर्जून सांगते. कातडी कशाने पुसायची यावर २०१६ मधे सिझरच्याच पेशंटवर झालेली एक अमेरिकन चाचणी प्रसिद्ध आहे, क्लोरहेक्सिडिन-अल्कोहोलमधे ४ टक्के इन्फेक्शन, आयोडिन-अल्कोहोलमधे ७.३ टक्के.

म्हणजे ओटीतला भाग बऱ्यापैकी सुधारला. आणि सिझर किती वाढली? देशभरात २००५-०६ ला ८.५ टक्के बाळंतपणं सिझरने व्हायची, २०१९-२१ च्या सर्व्हेत २१.५ टक्के, खाजगी हॉस्पिटलांत तर ४७.४ टक्के. जवळजवळ निम्मी! टक्केवारी कमी असली तरी एवढ्या बायकांत पिकलेले टाके कमी कसे असतील.

आता माझा मुख्य मुद्दा. पूर्वी वरचे टाके रेशमाचे नाहीतर नायलॉनचे असायचे, ते काढायला बाई सातव्या-आठव्या दिवशी यायचीच यायची, आणि टाका पिकायची वेळही तीच. काही न सांगता, न शिकवता तपासणी होऊन जायची. मग विरघळणारे टाके आले, दिसायला सुंदर, काढायची कटकट नाही, आणि ती आठव्या दिवसाची फेरी बऱ्याच ठिकाणी गळून पडली. पुढची भेट थेट दीड महिन्याने. त्या दीड महिन्यात जखम बघणारं कोण, तर आई, सासू नाहीतर मालिशवाली बाई.

आणि घरचे नियम सगळे जुने. भात खाऊ नको, टाके पिकतात. डाळ नको, आंबट नको. अहो जखम भरायला प्रोटीनच लागतं, वरणभात, अंडी, दूध, उसळ सगळं चालतं, भाताने पू होत नाही. खाटेखालची शेक-शेगडी, धुरी, त्याने वळीखाली घाम साचतो. नवा टाका, त्यावर हळद, तेल, पावडर काही नको. पट्टा बांधायचा असेल तर टाक्यावर घासणार नाही असा, आणि ओला झाला की बदलायचा. डॉक्टरांनी ड्रेसिंग काढलं की रोज साधी अंघोळ, टाक्यावरून पाणी जाऊ द्यायचं, घासायचं नाही, मऊ सुती कापडाने टिपून कोरडं करायचं, पावसाळ्यात कपडे दमट असतात तेव्हा तर जास्तच जपायचं. शुगर असलेल्या, अंगाने जाड आणि रक्त कमी असलेल्या बायकांना धोका जास्त.

बघायचं कसं, तर बाईला आडवं करून, हात साबणाने धुवून, पोटाची वळी वर उचलून मोबाईलच्या टॉर्चने, रोज एकदा. आपल्या सावळ्या कातडीवर लाली पटकन दिसत नाही, म्हणून हाताच्या मागच्या बाजूने टाक्याच्या आजूबाजूला स्पर्श करून बघा, बाकी पोटापेक्षा गरम लागतंय का, दगडासारखं कडक झालंय का. दुखणं रोज कणभर कमी व्हायला हवं, चौथ्या-पाचव्या दिवशी ते उलट वाढायला लागलं तर तिथेच कान टवकारा. पू, वास, टाक्यातून येणारं गढूळ पाणी, टाका उसवून फट पडणं, १००.४ च्या वर ताप, थंडी वाजणं, यातलं एक जरी असलं तरी त्याच दिवशी दाखवायचं. खाज येणं, टाक्याच्या वर थोडं बधिर वाटणं याला घाबरू नका. ‘दूध भरल्याचा ताप आहे’ हे घरचं ठरलेलं उत्तर, आणि कधी कधी ते खरंही असतं, पण टाका न बघता ते उत्तर द्यायचं नाही. शिवाय दुखू नये म्हणून जी पॅरासिटामोल चालू असते ती ताप झाकून टाकते, तेव्हा ताप गोळी घ्यायच्या आधी मोजा.

कधी वरचा टाका अगदी नीट असतो पण खाली जाणाऱ्या रक्ताला घाण वास येतो आणि ओटीपोट दुखतं, ते गर्भाशयातलं इन्फेक्शन असू शकतं. एकदम जोराचा ताप, टाक्याभोवती काळंनिळं किंवा फोड, दिसतंय त्यापेक्षा कितीतरी जास्त दुखणं, धाप, लघवी कमी, बाई गोंधळल्यासारखी बोलतेय, असं असेल तर सकाळची वाट न बघता १०८ ला फोन करून हॉस्पिटल गाठायचं.

हल्ली लोक टाक्याचा फोटो व्हॉट्सॲपवर पाठवतात, वाईट नाही, पण फोटोत वास येत नाही आणि कडकपणा लागत नाही. डिस्चार्जच्या वेळी बिल भरायच्या गडबडीत एवढं नक्की विचारा, की टाके विरघळणारे असले तरी सातव्या-आठव्या दिवशी दाखवायला कधी येऊ, आणि माहेर लांब असेल तर तिथल्या डॉक्टरांना दाखवायला डिस्चार्ज कार्डाची झेरॉक्स सोबत ठेवा, कुठलं इंजेक्शन दिलं, कुठला धागा वापरला ते त्यावर बहुतेक लिहिलेलं असतं, नसेल तर लिहून मागा.