पिकल्या फळांच्या मागावर
मेक्सिकोच्या दक्षिण भागापासून बोलिव्हिया आणि ब्राझीलपर्यंत पसरलेल्या उष्ण प्रदेशातील जंगलांत स्पायडर माकडांच्या सात जाती आढळतात. सहा ते नऊ किलो वजन, अंगाच्या मानाने फारच लांब हातपाय आणि धडापेक्षाही लांब शेपटी असलेला हा प्राणी आपले बहुतेक सगळे आयुष्य उंच झाडांच्या शेंड्यांत काढतो. त्याच्याविषयी लिहिताना आधी शेपटीचे कौतुक होते आणि ते रास्तही आहे. पण ती शेपटी, त्याचा मेंदू आणि त्याच्या टोळीची काहीशी विस्कळीत रचना यांचा उलगडा व्हायचा, तर सुरुवात त्याच्या आहारापासून, म्हणजे पिकलेल्या फळांपासून करावी लागते.

पाने जंगलात कुठेही मिळतात, पिकलेले फळ तसे मिळत नाही. एखादे झाड काही दिवस फळांनी लगडते आणि मग वर्षभर रिकामे राहते. त्याच जातीचे दुसरे झाड बरेच अंतर लांब असते आणि ते कदाचित पुढच्या पंधरवड्यात पिकणार असते. शिवाय फळे लागतात ती बहुधा फांद्यांच्या टोकाला, जिथली डहाळी सात-आठ किलोचा भार एकट्याने पेलू शकत नाही. स्पायडर माकड हा भार वाटून टाकते. दोन हात, दोन पाय आणि शेपटी अशा पाच ठिकाणी पकड घेऊन ते टोकापर्यंत पोहोचते, किंवा वरच्या मजबूत फांदीला शेपटीचा विळखा घालून खाली लोंबकळते आणि दोन्ही हातांनी फळे ओढून घेते.

आपल्याकडच्या वानराची शेपटीही लांबलचक असते, पण तिचे काम तोल सांभाळण्यापुरते. आशिया-आफ्रिकेतील एकाही माकडाला प्रौढ वयात शेपटीने लटकता येत नाही. स्पायडर माकडाच्या शेपटीच्या टोकाकडची आतली बाजू केसरहित असते. तिथली त्वचा तळहातासारखी, बारीक उंचवट्यांच्या रेषांनी भरलेली आणि स्पर्शाला अतिशय संवेदनशील असते, त्यामुळे वळूनही न पाहता माकडाला फांदीचा अंदाज येतो. हाताची घडण मात्र उलट दिशेने गेली आहे. अंगठा जवळजवळ नाहीसा झाला असून उरलेली चार लांब बोटे आंबे उतरवायच्या आकडीसारखी वाकलेली असतात. बारीक वस्तू चिमटीत धरण्याचे कसब त्यामुळे गेले, पण फांदी पकडून झोका घेणे आणि क्षणात सोडून पुढची पकडणे सोपे झाले. दोन झाडांमधली फट पिलाला ओलांडता येत नसेल, तर आई शेपटीने आणि पायांनी एक झाड, हातांनी दुसरे झाड धरून आडवी ताणून राहते आणि पिलू तिच्या पाठीवरून पलीकडे जाते.

फळ शोधण्याचे काम मात्र शेपटीचे नाही. ते माकडाला कसे जमते, हा प्रश्न पनामातील बारो कोलोरॅडो या बेटावर बारकाईने अभ्यासला गेला. पनामा कालव्यासाठी चाग्रेस नदीवर धरण बांधले गेले, गातून तलावाचे पाणी चढले आणि एका डोंगराचे हे बेट झाले; आज तिथे स्मिथसोनियन संस्थेचे संशोधन केंद्र आहे. शिकारीमुळे बेटावरची मूळची स्पायडर माकडे संपली होती, म्हणून 1960 च्या आसपास काही माकडे बाहेरून आणून सोडण्यात आली. संशोधक कॅथरीन मिल्टन यांनी 1970 च्या दशकात या माकडांची तुलना तिथल्याच हाउलर माकडांशी केली. दोन्ही जातींचे वजन साधारण सारखे; पण हाउलर मोठ्या प्रमाणावर पाने खाते, तर स्पायडर माकड मुख्यतः फळे. पाने पचवायला वेळ लागतो, त्यामुळे हाउलरच्या पोटातून अन्न पुढे सरकायला सुमारे वीस तास लागतात. स्पायडर माकडाच्या पोटातून ते चारएक तासांत बाहेर पडते. मेंदूचे वजन पाहिले, तर हाउलरचे सुमारे 50 ग्रॅम आणि स्पायडर माकडाचे सुमारे 107 ग्रॅम. मिल्टन यांचा तर्क असा, की विखुरलेली फळे कुठे आणि केव्हा पिकतील हे ध्यानात ठेवण्याच्या गरजेतून हा मोठा मेंदू घडला.

हा तर्क पटकन पटणारा आहे, आणि 2017 साली शंभराहून अधिक प्रायमेट (माकडे ज्या गणात येतात त्या गणातील) जातींच्या तुलनेतही फळे खाणाऱ्यांचा मेंदू पाने खाणाऱ्यांपेक्षा मोठा असल्याचे दिसले. तरीही 2024 साली त्याच बेटावरून आलेल्या एका अभ्यासाने थोडे थांबायला लावले. ड्रोनने फळझाडांचे नकाशे तयार करून प्राण्यांच्या वाटा तपासल्या, तेव्हा मोठ्या मेंदूची स्पायडर आणि कॅपुचिन माकडे लहान मेंदूच्या कोआटी आणि किंकाजू या प्राण्यांपेक्षा अधिक नेमक्या वाटांनी फळांपर्यंत जातात, असे आढळले नाही. माझ्या मते यामुळे मिल्टन यांची निरीक्षणे खोटी ठरत नाहीत. मात्र आहारावरून मेंदूपर्यंत एक सरळ रेघ ओढणे घाईचे होते, एवढे नक्की.

याच बेटावर ही माकडे ज्या फळांवर तुटून पडतात, त्यांतले एक कोकणातल्या आणि गोव्यातल्या वाचकाला ओळखीचे वाटेल, कारण ते आपल्या अंबाड्याच्याच प्रजातीचे आहे. तिथल्या या अंबाड्याची माकडांनी अर्धवट खाऊन टाकलेली फळे 2022 साली तपासली गेली, तेव्हा त्यांत एक ते दोन टक्के अल्कोहोल सापडले, आणि माकडांच्या मूत्रातही ते शरीरात वापरले गेल्याच्या खुणा मिळाल्या. माकडे झिंगतात असा याचा अर्थ काढू नये. पोट भरून जाण्याआधी झिंग येईल इतके अल्कोहोल त्यात नसते. पिकून आंबू लागलेल्या फळात उष्मांक असतात आणि त्याचा वास दुरून येतो, एवढ्यानेही ते खाण्याजोगे ठरते.

फळे जितकी विखुरलेली, तितकी टोळीही विखुरते. मेक्सिकोच्या युकातान द्वीपकल्पातील पुंता लागुना येथे 1990 च्या दशकापासून या माकडांवर सलग नजर ठेवली जात आहे. तिथे एका टोळीतील सगळी माकडे एकत्र क्वचितच दिसतात. दिवसभरात ती लहान लहान गटांत फुटतात, पुन्हा मिळतात, पुन्हा वेगळ्या जोडीदारांबरोबर निघून जातात. मोठे झाड पिकले असेल तर गट मोठा, फळे तुटपुंजी असतील तर गट दोन-तीन जणांचा. दूर असलेल्यांशी संपर्क राहतो तो घोड्याच्या खिंकाळीची आठवण करून देणाऱ्या हाकेने. दोन गट पुन्हा भेटतात तो क्षण तणावाचा असतो, कारण एकाच झाडावर आता जास्त तोंडे असतात. अशा वेळी ही माकडे एकमेकांना मिठी मारून छाती हुंगतात, आणि जिथे अशी गळाभेट होते तिथे नंतरची भांडणे कमी होतात, असे तिथल्या निरीक्षणांत आढळले आहे. वयात आलेल्या माद्या जन्माची टोळी सोडून जातात, नर मात्र तिथेच राहतात. हे नर अधूनमधून एरवी टाळलेल्या जमिनीवर उतरून, एकामागे एक, आवाज न करता शेजारच्या टोळीच्या हद्दीत घुसतात.

ऑक्टोबर 2005 मध्ये विल्मा या चक्रीवादळाने पुंता लागुनाच्या जंगलाला झोडपले आणि फळे दुर्मीळ झाली. माकडांनी पाने जास्त खायला सुरुवात केली आणि त्यांचे गट आणखी लहान झाले. वादळातून सावरण्याइतकी लवचिकता त्यांच्यात आहे, बंदुकीपुढे ती चालत नाही. मादीला पहिले पिलू साधारण सात-आठ वर्षांची झाल्यावर होते. गर्भकाळ सुमारे साडेसात महिन्यांचा, एका वेळी एकच पिलू, आणि पुढचे पिलू तीनएक वर्षांनी. मोठा, मांसल आणि झाडावर सहज दिसणारा हा प्राणी ॲमेझॉनच्या जंगलात शिकाऱ्यांचे आवडते लक्ष्य असतो, त्यामुळे मनुष्यवस्तीभोवतालच्या जंगलातून तोच सर्वांत आधी नाहीसा होतो. कोलंबिया आणि व्हेनेझुएला येथील तपकिरी स्पायडर माकड आज अतिसंकटग्रस्त गणले जाते.

त्यांच्याबरोबर बियांची वाहतूकही थांबते. स्पायडर माकड फळ चावत बसत नाही, मोठ्या बियांसकट गिळते, आणि चार तासांत ते जिथे पोहोचलेले असते तिथे त्या बिया पडतात. इतक्या मोठ्या बिया गिळू शकणारे प्राणी जंगलात मोजकेच असतात, आणि मोठ्या बियांची अनेक झाडे जड, घट्ट लाकडाची असल्याने कार्बनही जास्त साठवून ठेवतात. आज उभी असलेली ही झाडे दीर्घायुषी आहेत, त्यामुळे माकडे संपल्यानंतरही कितीतरी वर्षे वरून पाहणाऱ्याला ते जंगल पूर्वीसारखेच हिरवे दिसते. फरक आधी जमिनीलगत, रोपांच्या मोजणीत सापडतो.