फ्रँकोत्तर स्पॅनिश चित्रपट

फ्रँकोत्तर स्पॅनिश चित्रपट : जनरल फ्रान्सिस्को फ्रँको याच्या हुकूमशाहीच्या (१९३९–७५) अखेरीस व त्यानंतर स्पेनच्या चित्रपटसृष्टीत झालेले स्थित्यंतर. सामान्यतः १९८२ मध्ये समाजवादी पक्ष सत्तेवर येईपर्यंतचा काळ यात धरतात.

आरंभाविषयी मात्र मतभेद आहेत. फ्रँकोचा मृत्यू (२० नोव्हेंबर १९७५) ही सोयीची सीमारेषा होय. तथापि काही अभ्यासक पंतप्रधान कारेरो ब्लांको याच्या हत्येपर्यंत (डिसेंबर १९७३) मागे जातात. होसे लुईस बोराऊ यांचा फुर्तिव्होस हा चित्रपट अभ्यवेक्षकांनी (सेन्सॉर) सांगितलेली काटछाट न मानता सप्टेंबर १९७५ मध्ये, म्हणजे फ्रँकोच्या हयातीतच, प्रदर्शित झाला, हा त्यांच्या बाजूचा भक्कम पुरावा. पण पटकथांची सक्तीची पूर्वतपासणी फेब्रुवारी १९७६ मध्ये थांबली आणि चित्रपटांवरील अभ्यवेक्षण ११ नोव्हेंबर १९७७ च्या राजाज्ञेने रद्द झाले. लुईस बुन्युएल यांच्या विरिदियाना या चित्रपटाला १९६१ मध्ये कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला होता. मायदेशात तो दिसायला १९७७ उजाडले. हे पाहता १९७७ हे वर्ष अधिक ग्राह्य ठरावे.

राजाज्ञेनंतरही पूर्ण मोकळीक मिळाली नाही. पिलार मिरो यांच्या एल क्रिमेन दे क्वेंका (१९७९) या चित्रपटात नागरी रक्षक दल (स्पेनचे लष्करी स्वरूपाचे पोलीस दल) दोन निरपराध माणसांचा छळ करून खुनाची कबुली मिळवते. ज्याचा खून झाला म्हणायचे तो पुढे जिवंत परततो. मूळ प्रकरण विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकातले. तरीही चित्रपट जप्त झाला आणि दिग्दर्शिकेवर लष्करी न्यायालयात कारवाई सुरू झाली. लोकशाही राज्यात एका कलावतीला हे सोसावे लागले, ही गोष्ट या काळाविषयी पुष्कळ सांगून जाते. प्रदर्शन ऑगस्ट १९८१ मध्ये झाले, आणि त्याला प्रेक्षकांची मोठी गर्दी लोटली.

याच मिरो १९८२ च्या अखेरीस शासनाच्या चित्रपट विभागाच्या प्रमुख झाल्या. त्यांच्या १९८३ च्या आदेशाने निर्मितीखर्चाच्या निम्म्यापर्यंत आगाऊ अनुदान मिळू लागले. दर्जा उंचावला, पण चित्रपटांची संख्या घटली, असा आक्षेप घेतला जातो.

नग्नतेची लाट (देस्तापे) व कातालान, बास्क भाषांतील निर्मिती हेही या काळाचे विशेष होत. परभाषी चित्रपटांना स्पॅनिश आवाज देण्याची १९४१ ची सक्ती फ्रँकोच्याच काळात उठली होती. प्रेक्षकांची सवय मात्र लोकशाहीतही कायम राहिली.