चोरांचं संगीत नाटक : अडीचशे वर्षांची उसनवारी

१९७८ साली पुण्याच्या थिएटर अकादमीने ‘तीन पैशाचा तमाशा’ रंगमंचावर आणला. लेखन पु. ल. देशपांड्यांचं, दिग्दर्शन जब्बार पटेलांचं. जर्मन नाटककार बर्टोल्ट ब्रेख्तच्या ‘थ्रीपेनी ऑपेरा’ या नाटकाचं मराठी रूपांतर अशी त्याची ओळख करून दिली जाते. ती खरी आहे, पण अर्धीच. कारण ब्रेख्तचं नाटकही घरचं नव्हतं. १९२८ साली त्याने ते दोनशे वर्षांपूर्वीच्या एका इंग्रजी नाटकावरून उचललं, आणि ते इंग्रजी नाटक मुळात इटालियन ऑपेराचं विडंबन होतं. म्हणजे पुलंच्या हाती आली ती एका विडंबनाच्या रूपांतराची तिसरी पिढी. या घराण्याची मोठी गंमत अशी की, ज्यांची टर उडवली तेच पहिल्या रांगेत बसून टाळ्या वाजवत आले.

सुरुवात लंडनमध्ये झाली. अठराव्या शतकाच्या पहिल्या पंचविशीत तिथल्या उमरावांना इटालियन ऑपेराचं वेड लागलं होतं. न कळणाऱ्या भाषेत देवदेवता आणि राजेराण्या गात, इटलीहून आणलेल्या गायकांना अफाट पैसा मिळे, आणि त्यांच्या चाहत्यांचे कंपू पडत. फ्रान्चेस्का कुत्सोनी आणि फाउस्तीना बोर्दोनी या दोन गायिकांचं वैर तर इतकं पेटलं की, १७२७ च्या जूनमध्ये राजघराण्यातली मंडळी समोर असताना प्रेक्षकांनी शिट्ट्या आणि आरडाओरडा करून खेळ बंद पाडला. हँडेलसारखा संगीतकार दिमतीला असूनही ऑपेराची ती कंपनी आधीच कर्जात होती.

जॉन गे हा कवी त्या वेळी चाळिशी ओलांडलेला. रेशमी कापडाच्या दुकानात उमेदवारी करून लेखनाकडे वळलेला, साउथ सी कंपनीच्या शेअर्सच्या फुग्यात १७२० साली हात पोळलेला, दरबारात मनासारखी नेमणूक न मिळाल्याने कडवटलेला. त्याचा मित्र जोनाथन स्विफ्ट याने फार पूर्वी, १७१६ मध्ये, कवी अलेक्झांडर पोपला लिहिलेल्या पत्रात एक खोडसाळ कल्पना सुचवली होती : मेंढपाळांच्या गोड गोड काव्याऐवजी न्यूगेटच्या तुरुंगातल्या चोर-वेश्यांचं काव्य लिहिलं तर? गेने त्याचं नाटक केलं आणि नाव ठेवलं ‘द बेगर्स ऑपेरा’, भिकाऱ्याचा ऑपेरा. ड्रुरी लेन नाट्यगृहाने ते नाकारलं. लिंकन्स इन फील्ड्सच्या जॉन रिचने ते घेतलं आणि २९ जानेवारी १७२८ रोजी पहिला प्रयोग झाला.

नाटकाचा पडदा उघडण्याआधी एक भिकारी येऊन सांगतो की, हा ऑपेरा मी लिहिला आहे. त्यात ऑपेराला शोभतील अशा सगळ्या उपमा आहेत, मन पिळवटून टाकणारा तुरुंगाचा प्रवेश आहे, आणि दोन्ही नायिकांना अगदी समसमान काम दिलंय, तेव्हा कुणाला रुसायला जागा नाही. समोरच्या प्रेक्षकांना सात-आठ महिन्यांपूर्वीचं भांडण आठवलं नसेल तरच नवल. पुढे नायक मॅकहीथच्या दोन बायका, पॉली आणि ल्युसी, तुरुंगात एकमेकींवर तुटून पडतात तेही गाण्यातच.

नाटकातला पहिला प्रवेश आजही वाचावा असा आहे. पीचम नावाचा गृहस्थ टेबलाशी हिशेबाची चोपडी घेऊन बसला आहे. धंदा दुहेरी : चोरांकडून माल घ्यायचा, आणि जो चोर कमाईत मागे पडेल त्याला पकडून देऊन सरकारी इनाम खिशात घालायचं. दरोडेखोरामागे चाळीस पौंड हा तेव्हाचा खरा दर होता. चोपडी चाळता चाळता तो एकेकाचा जमाखर्च मांडतो. अमक्याने पाच सोन्याची आणि सात चांदीची घड्याळं आणली, तपकिरीच्या सोळा डब्या आणल्या. कामाचा पोरगा आहे, राहू दे. तमका आळशी झालाय. येत्या कोर्टाला फासावर जाऊ दे. सगळं कसं एखाद्या पेढीवरच्या मुनिमाच्या शांतपणाने. प्रेक्षकांना हा पीचम ओळखीचाच होता. जोनाथन वाइल्ड हा चोरांचा धनी आणि चोर पकडणाराही, असा दुहेरी माणूस १७२५ मध्येच टायबर्नला फाशी गेला होता. पण त्याच यादीत एका चोराची टोपणनावं येतात आणि शेवटचं असतं ‘बॉब बूटी’, म्हणजे लुटारू बॉब. तिथे सगळं नाट्यगृह पंतप्रधान रॉबर्ट ऊर्फ बॉब वॉलपोलकडे बघत असणार. वॉलपोलने एका टोचऱ्या गाण्याला स्वतःच ‘वन्स मोअर’ दिला, अशी आख्यायिका आहे. खरी असो वा नसो, मुरलेला राजकारणी तसंच करील.

आणि गाणी! एकूण ६९. चाली जवळजवळ सगळ्या उसन्या : रस्त्यावरची बॅलडं, दारूच्या गुत्त्यातली गीतं, संगीतकार पर्सेलच्या रचना. दरोडेखोर लुटायला निघतात ते तर हँडेलच्याच ‘रिनाल्दो’ ऑपेरामधल्या लष्करी कूचाच्या चालीवर. छापील पुस्तकात प्रत्येक गाण्याच्या डोक्यावर मूळ गाण्याचं नाव दिलेलं असे. मराठी वाचकाला यात नवल वाटायचं कारण नाही. आपल्या जुन्या संगीत नाटकांच्या पुस्तकांतही पदाच्या वर बारीक टाइपात ‘चाल :’ असं छापलेलं असतं. १८८० मध्ये किर्लोस्करांनी ‘शाकुंतल’ उभं केलं तेव्हा साकी, दिंडी, लावणी, कानडी चाली, जे जे लोकांच्या कानात होतं ते त्यांनी बिनदिक्कत घेतलं. फरक हेतूचा. किर्लोस्करांना कालिदास लोकांपर्यंत न्यायचा होता. गे याला मात्र उंची ऑपेरा खेचून रस्त्यावर आणायचा होता.

पहिल्या रात्री प्रेक्षक बराच वेळ गप्प होते. पॉलीच्या एका करुण गाण्यानंतर टाळ्या सुरू झाल्या, त्या मग थांबल्याच नाहीत. त्या हंगामात ६२ प्रयोग झाले, म्हणजे त्या काळी विक्रमच. पॉलीचं काम करणाऱ्या लॅव्हिनिया फेंटनची चित्रं घरोघरी लागली आणि पुढे ती बोल्टनच्या ड्यूकची बायको झाली. चित्रकार होगार्थने तुरुंगाचा प्रवेश पुन्हा पुन्हा रंगवला. त्या वर्षी हँडेलची ऑपेरा कंपनी बसली. त्याचं श्रेय सर्रास गे याला दिलं जातं, पण मला ते पटत नाही. कंपनी त्याआधीच डबघाईला आली होती.

सरकारला राग आला तो उशिरा. गेने लिहिलेल्या दुसऱ्या भागावर, ‘पॉली’वर, १७२८ च्या अखेरीस बंदी आली. त्याने ते पुस्तकरूपात काढलं आणि बंदीच्या बोलबाल्याने हजार पौंडांच्या वर मिळवले. त्याच्यासाठी वर्गणीदार गोळा करणाऱ्या क्वीन्सबेरीच्या डचेसला दरबारातून काढून टाकण्यात आलं. १७३७ मध्ये नाटकांवर आधीच कात्री चालवणारा कायदा झाला तो अशाच टोचण्यांना कंटाळून. सत्ताधाऱ्याला वेष बदलून रंगमंचावर उभं करणं आणि मग बंदी ओढवून घेणं, हे आपणही खाडिलकरांच्या ‘कीचकवधा’त पाहिलं आहे. महाभारतातला कीचक म्हणजे लॉर्ड कर्झन, हे कुणाला समजावून सांगावं लागलं नाही, आणि १९१० मध्ये सरकारलाही ते नीट समजलं.

मधली पावणेदोन-दोन शतकं भराभर ओलांडू. नाटक अधूनमधून होत राहिलं, सोवळं होत गेलं. १९२० मध्ये नायजेल प्लेफेअरने लंडनच्या हॅमरस्मिथमध्ये ते पुन्हा काढलं आणि १४६३ प्रयोग केले. त्याची बातमी बर्लिनपर्यंत गेली. ब्रेख्तची सहकारी एलिझाबेथ हाउप्टमानने ते जर्मनमध्ये उतरवायला घेतलं. हिचं नाव अजूनही बारीक अक्षरांत येतं, आणि हे मला या सगळ्या इतिहासातलं सर्वांत खटकणारं विडंबन वाटतं. नाट्यगृह नव्याने घेतलेल्या एर्न्स्ट योझेफ आउफ्रिश्टला उद्‌घाटनासाठी नाटक हवं होतं. ब्रेख्तने हे पुढे केलं. कुर्ट वाइलने संगीत नव्याने रचलं. जुन्या चालींपैकी पीचमच्या सकाळच्या भजनाची एक तेवढी ठेवली.

ब्रेख्तच्या हाती पीचमचा धंदा बदलला. आता तो भिकाऱ्यांची कंपनी चालवतो. शहरात परवान्याशिवाय भीक मागता येत नाही, आणि परवाना हाच देतो. परवान्याविना भीक मागून मार खाल्लेला एक पोरगा त्याच्याकडे येतो, तेव्हा त्याला दर सांगितला जातो : कमाईचे पन्नास टक्के कंपनीला, कपडे-सामान कंपनीचं घेतलं तर सत्तर. मग लोकांच्या काळजाला हात घालणारे दैन्याचे पाच ठरीव नमुने मेणाच्या बाहुल्यांवर चढवून दाखवले जातात. इटालियन ऑपेरा आता कुणाच्या खिजगणतीत नव्हता. चेष्टेचा विषय झाला तो गल्ल्यावर बसणारा प्रतिष्ठित माणूस आणि त्याचा कळवळा.

३१ ऑगस्ट १९२८ चा पहिला प्रयोग म्हणजे गोंधळच होता. पॉलीची भूमिका करणारी नटी पतीच्या निधनामुळे ऐन वेळी बदलावी लागली. मॅकीच्या, म्हणजे ब्रेख्तच्या मॅकहीथच्या, खुनांची यादी गाणारं गाणं अगदी शेवटच्या घटकेला घातलेलं. त्यासाठी आणलेला, दांडा फिरवून वाजवायचा बाजा पहिल्या कडव्याला वाजलाच नाही. जेनीचं काम करणाऱ्या लोटे लेन्याचं, म्हणजे वाइलच्या बायकोचं, नाव कार्यक्रमपत्रिकेत छापायचं राहून गेलं. प्रेक्षक थंड होते, ते मॅकी आणि पोलीसप्रमुखाच्या लष्करी आठवणींच्या गाण्यापर्यंत. मग ‘वन्स मोअर’ सुरू झाले. भांडवलदारांना चिमटे काढायला लिहिलेलं नाटक बघायला बर्लिनचे सुखवस्तू लोक झुंडीने आले आणि गाणी गुणगुणत घरी गेले.

दोन्ही नाटकांचा शेवट एकाच खिळ्यावर टांगलेला आहे. गेच्या नाटकात मॅकहीथ फासाकडे निघतो तेव्हा एक नट भिकाऱ्याला अडवतो : ऑपेराचा शेवट गोड हवा. भिकारी लगेच माफी देऊन टाकतो. अशा नाटकात गोष्टी कितीही अतर्क्यपणे घडल्या तरी चालतात, असं म्हणतो. ब्रेख्तने त्यावर कडी केली. घोडेस्वार दूत येतो, राणीच्या राज्यारोहणानिमित्त माफी मिळते, वर सरदारकी, गढी आणि दहा हजार पौंडांचं पेन्शन.

उसनवारीचं पुढचं प्रकरण ब्रेख्तवरच शेकलं. नाटकात त्याने फ्रेंच कवी व्हियोंची काही काव्यं के. एल. आम्मरच्या जर्मन भाषांतरातून नाव न देता घेतली होती. १९२९ मध्ये समीक्षक आल्फ्रेड केरने हे उघड केलं. वाङ्मयीन मालमत्तेच्या बाबतीत मी मुळातच ढिला आहे, असं ब्रेख्तने सांगून टाकलं. हाच माणूस १९३० मध्ये सिनेमा कंपनीवर खटला भरतो, की माझ्या कलाकृतीत बदल करताय! १९३३ मध्ये नाझी आले आणि नाटक बंद झालं.

त्यानंतर १९७० च्या दशकात या कुटुंबाला एकदम नातवंडं झाली. १९७२ मध्ये झेक नाटककार व्हाक्लाव्ह हॅवेलने गाणी वगळून ‘बेगर्स ऑपेरा’ लिहिलं. बंदी असलेल्या या लेखकाचं नाटक १९७५ मध्ये प्राग शहराच्या कडेला एका हॉलमध्ये हौशी मंडळींनी एकदाच केलं आणि नंतर पोलिसांच्या चौकश्यांचं सत्र लागलं. १९७७ मध्ये नायजेरियात वोले सोयिंकाने ‘ऑपेरा वोन्योसी’ केलं. त्यातल्या राज्यारोहणाला कल्पनेची गरजच नव्हती. मध्य आफ्रिकेत बोकासाने त्याच डिसेंबरात स्वतःला सम्राट म्हणून मुकुट चढवला होता. १९७८ मध्ये ब्राझीलच्या शिको बुआर्केने हीच कथा रिओच्या स्मगलरांमध्ये नेली.

आणि त्याच वर्षी पुणं. ‘घाशीराम कोतवाल’वरून फुटून १९७३ मध्ये उभी राहिलेली थिएटर अकादमी गाणारे-नाचणारे नट घेऊन तयारच होती. ब्रेख्तही मराठीला नवा नव्हता. माडगूळकरांचं ‘देवाजीने करुणा केली’ आणि खानोलकरांचं ‘अजब न्याय वर्तुळाचा’ आधी येऊन गेले होते. पुलंनी तर ‘पुढारी पाहिजे’ लिहून तमाशाचा बाज राजकारणाला लावून पाहिला होता, आणि १९७७ च्या निवडणुकीत ते आणीबाणीविरुद्ध सभा गाजवत होते. शिवाय गे आणि ब्रेख्तला सापडलं नसतं असं एक आयतं हत्यार त्यांच्याकडे होतं : विडंबनासाठी जिवंत संगीत नाटक. मराठी प्रेक्षकाला नांदी, पद, वन्स मोअर सगळं पाठ. त्या बाजाला तमाशा आणि पाश्चात्त्य पॉप-रॉकची जोड मिळाली. मुख्य गुंड अंकुश याच्या भूमिकेत नंदू भेंडे होते, मुंबईत ‘जीझस ख्राइस्ट सुपरस्टार’मध्ये ज्यूडास गायलेले.

माझं मत विचाराल तर पुलंचा हात इथे थोडा मऊ पडतो. संगीत नाटकावर त्यांचा जीव होता, आणि ज्यावर जीव आहे त्याची चेष्टा करताना माणूस लाडात येतो. गे याला ऑपेराचा वैताग होता, ब्रेख्तला प्रेक्षकांचाच. पुलंना दोन्ही आवडत होते. म्हणून ‘तीन पैशाचा तमाशा’ पाहिलेले लोक गाण्यांविषयी भरभरून बोलतात आणि पोलीस-गुंडांच्या साटेलोट्याविषयी हसून पुढे जातात. तक्रार मोठी नाही. बर्लिनमध्येही हेच झालं होतं.

मॅकीचं गाणं मात्र नाटकातून निघून स्वतंत्रच फिरायला लागलं. १९५५ मध्ये लुई आर्मस्ट्राँगने ते गायलं तेव्हा लेन्या स्टुडिओत हजर होती, म्हणून त्याने तिचंही नाव गाण्यात घेतलं. बॉबी डॅरिनच्या १९५९ च्या रेकॉर्डने अमेरिका पालथी घातली. १९८० च्या दशकाच्या उत्तरार्धात मॅकडोनाल्ड्सने चंद्राचं तोंड असलेला, काळा गॉगल लावून पियानो वाजवणारा एक सोंगाड्या त्याच चालीवर रात्री बर्गर खायला बोलावण्यासाठी टीव्हीवर आणला. १९८९ मध्ये डॅरिनच्या मुलाने दावा लावला : ही माझ्या वडिलांच्या गायकीची नक्कल आहे.