स्वयंवह यंत्र

स्वयंवह यंत्र : बाहेरून जोर न लावता, कालगतीशी मेळ राखून आपोआप फिरणारे चक्र किंवा गोल (खगोलाची प्रतिकृती). त्याची वर्णने सिद्धांतग्रंथांच्या (प्राचीन खगोलगणिताच्या ग्रंथांच्या) यंत्राध्यायांत शंकू (सावलीवरून वेळ पाहण्याची काठी), घटिकापात्र (पाण्याचे घड्याळ) इत्यादींच्या जोडीने येतात. त्यामुळे त्याचा हेतू काम करवून घेणे हा नसून काळ दाखवणे हा असावा, असे मानणे अधिक सयुक्तिक वाटते. या एका नावाखाली दोन भिन्न रचना मोडतात : साठवलेल्या पाण्याच्या उतारावर चालणारी यंत्रे आणि काहीही न पुरवता अखंड फिरतील अशी कल्पिलेली पाऱ्याची बंद चक्रे. पहिली चालतात, दुसरी चालत नाहीत.

आर्यभटाच्या आर्यभटीय या ग्रंथाच्या (इ. स. ४९९ च्या सुमारास) गोलपाद या भागात सर्व बाजूंनी समान वजनाचा हलका लाकडी गोल पारा, तेल आणि पाणी यांच्या साहाय्याने ‘कालसम’ (काळाच्या गतीने) फिरवावा, एवढेच सांगितले आहे. रचना टीकाकारांनी उलगडली. गोल दक्षिणोत्तर आसावर बसवायचा, आसाला तेल द्यायचे. गोलाभोवती गुंडाळलेल्या दोरीचे टोक पारा भरलेल्या पोकळ भोपळ्याला बांधून तो जलपात्रात तरंगत ठेवायचा. पात्राच्या तळाच्या छिद्रातून पाणी गळते, भोपळा उतरतो, दोरी ओढली जाते आणि ६० घटिकांत (२४ तासांत) गोलाचा एक फेरा पुरा होतो. येथे पारा केवळ वजनापुरता आहे. पात्र सरळ भिंतींचे असेल तर यंत्र सारखे चालत नाही : गळतीचा वेग पाण्याच्या उंचीच्या वर्गमुळाच्या प्रमाणात असल्याने पातळी चौथाईवर आली की गोलाची गती निम्मी होते. तळाकडे योग्य प्रमाणात निमुळते होणारे पात्र घेतल्यास हा दोष जातो. रोज पात्र भरावे लागते, हे ओघाने आलेच.

बंद चक्राचे सुस्पष्ट वर्णन ब्रह्मगुप्ताच्या ब्राह्मस्फुटसिद्धान्तात (शके ५५०, इ. स. ६२८) आढळते : हलक्या लाकडाचे चक्र, समान अंतरावर पोकळ आरे, प्रत्येक आरा पाऱ्याने अर्धा भरून तोंड बंद, आस दोन आधारांवर आडवा. ज्योतिर्विद लल्लाने (आठवे किंवा नववे शतक) हीच परंपरा पुढे चालवली. सूर्यसिद्धान्तात पारा, सूत्रे, तेल, वाळू अशी सामग्री येते, पण मापे नाहीत. उलट ही विद्या गुप्त राखावी अशी सूचना आहे.

भास्कराचार्यांनी सिद्धान्तशिरोमणीत (शके १०७२, इ. स. ११५०) तीन प्रकार दिले आहेत. पहिल्यात आरे किंचित वाकडे आहेत. हा बदल क्षुल्लक नाही. सरळ आऱ्यांच्या चक्रात वरच्या अर्धात पारा आसाजवळ, खालच्या अर्धात परिघाजवळ जमतो. डावी-उजवी बाजू तंतोतंत सारखी राहते आणि चक्राला वळण्याचे कारणच उरत नाही. वाकड्या आऱ्यांनी ही समता मोडते. उतरत्या बाजूचा पारा परिघाकडे जाऊन त्याचा भुज (आसापासूनचे आडवे अंतर) वाढतो, पण तसे आरे कमी असतात. चढत्या बाजूला पारा आसाजवळ असलेले आरे जास्त. एकूण परिबल (वळवणारा परिणाम) शून्य होईल अशा स्थितीत चक्र हेलकावे खाऊन थांबते. हाताने गती दिली तरी पारा सरकायला उशीर होतो, चढत्या बाजूला तो परिघाशी रेंगाळतो आणि ब्रेकासारखा वागतो.

दुसऱ्या प्रकारात चक्राच्या धावेत (कडेच्या पट्ट्यात) दोन अंगुळे खोल व तितकीच रुंद खाच कातून, ती मेण आणि ताडपत्राने झाकून आत पारा आणि एका बाजूला पाणी भरायचे. पाणी पाऱ्याला हटवू शकत नाही, म्हणून ते चक्राला ओढील, ही कल्पना. पाऱ्याची घनता पाण्याच्या सुमारे १३.६ पट असल्याने पाणी अडते हे खरे. पण खाच आसाशी समकेंद्री आहे, त्यामुळे द्रवाचा दाब तिच्या तळावर व छतावर आसाच्या रोखानेच पडतो आणि चक्र वळत नाही. खाचेत एक आडवा पडदा टाकला तरी फक्त नवी समतोल स्थिती येते.

तिसरा प्रकार अंकुशासारख्या वाकड्या तांब्याच्या नळीचा. नळी पाण्याने भरून दोन्ही तोंडे बंद करायची, एक कुंडात बुडवून दुसरे बाहेर ठेवायचे आणि दोन्ही एकदम उघडायची; वाहणारे पाणी चक्राच्या परिघावरील घटांत पडून चक्र फिरते. हे चालते. मात्र चक्रातून गळणारे पाणी पन्हळीने कुंडात परत नेल्यास पुन्हा भरावे लागणार नाही, हे विधान टिकत नाही : वक्रनळीचे बाहेरचे तोंड कुंडाच्या पातळीखाली असल्याशिवाय प्रवाह सुरूच राहत नाही, मग पाणी वर चढणार कसे? १०० लिटर पाणी १ मीटर खाली पडल्यास मिळतात सुमारे ९८१ जूल. १० वॉटचा दिवा जेमतेम दीड मिनिट.

भास्कराचार्यांच्या चक्राचे गोडवे गाणारे त्यांचा पुढचा श्लोक सहसा उद्धृत करत नाहीत. स्वयंवह यंत्र कुहकविद्येने (हातचलाखीने) होते, त्याचा गोलाशी (खगोलाच्या अभ्यासाशी) संबंध नाही, पूर्वसूरींनी सांगितले म्हणून मीही सांगितले, असे ते म्हणतात. यंत्रांमध्ये खरे यंत्र बुद्धीच, हेही त्यांचेच मत. त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी नातू चंगदेवाने चाळीसगावजवळच्या पाटण येथे मठ स्थापला. त्याचा शके ११२८ चा शिलालेख भाऊ दाजी लाड यांनी १८६५ मध्ये प्रसिद्ध केला. सिद्धान्तशिरोमणीतील गोलाध्याय या भागाचे विल्किन्सनकृत इंग्रजी भाषांतर बापूदेव शास्त्रींनी सुधारून १८६१ मध्ये कलकत्त्यात छापवले.

अखंड फिरणाऱ्या चक्राची कल्पना भारतातून अरबी जगामार्गे युरोपात गेली, असे तंत्रज्ञानाचे इतिहासकार लिन व्हाइट यांनी १९६०च्या दशकात मांडले. एका अरबी हस्तलिखितातील पाऱ्याची चक्रे आणि फ्रान्समधील व्हिलार द ओनकूर याने तेराव्या शतकात रेखाटलेले सात हातोड्यांचे स्वयंचलित चक्र हा त्यांचा आधार. साम्य लक्षणीय आहे; प्रत्यक्ष देवाणघेवाणीचा दुवा मात्र अनुमानाचाच.

पॅरिसच्या विज्ञान अकादमीने १७७५ मध्ये अखंड फिरणाऱ्या यंत्रांचे प्रस्ताव तपासणे बंद केले. भारतीय पेटंट अधिनियम, १९७० चे कलम ३ निसर्गनियमांच्या उघड विरुद्ध दाव्यांना पेटंट नाकारते. ‘काळातून ऊर्जा’ खेचण्याच्या आधुनिक दाव्यांना गणितज्ञ एमी नोएटरचे १९१८ चे प्रमेय आड येते : निसर्गनियम काळानुसार बदलत नाहीत म्हणूनच ऊर्जा अक्षय्य राहते. गुरुत्वाकर्षण रात्री कमी होत असते, तर वजन रात्री उचलून दिवसा सोडून फुकट काम मिळाले असते.

प्रतिकृती करताना पारा वापरू नये; त्याची वाफ विषारी असते आणि तो पितळ, ॲल्युमिनियम पोखरतो. पारदर्शक नळ्यांत रंगीत पाणी पुरते. आधी रिकामे चक्र ठराविक जोराने फिरवून थांबेपर्यंतच्या फेऱ्या मोजाव्यात, मग नळ्या अर्ध्या भरून तोच जोर द्यावा. भरलेले चक्र किती फेऱ्या आधी थांबते ते नोंदावे.